मधल्या वर्षांचं काय?

सनद हातात येऊन पाच महिने झाले होते आणि कोर्टात उभी राहून मी अजून एक वाक्यही बोलले नव्हते. सरांच्या मागच्या खुर्चीवर बसायचं, बोर्डाकडे लक्ष ठेवायचं, नंबर आला की हवं ते पान उघडून ब्रीफ पुढे करायचं, एवढंच माझं काम. त्या सकाळी अनुकंपाची एक याचिका लागली होती. मुलाचे वडील नोकरीत असताना २००६ मध्ये गेले. आईने पुढच्या वर्षी अर्ज केला, नाव प्रतीक्षासूचीत लागलं. मुलगा अठरा वर्षांचा झाल्यावर त्याने स्वतःच्या नावाने पुन्हा अर्ज दिला. याचिका दाखल झाली ती थेट २०२२ मध्ये.

न्यायमूर्तींनी पानं चाळली. "अर्ज २००७ चा. इथे आलात २०२२ मध्ये. मधल्या वर्षांचं काय?"

सरांनी प्रतीक्षासूची सांगितली, दुसरा अर्ज दाखवला, आईचं आजारपण सांगितलं. पण आजारपणाचा याचिकेत उल्लेखच नव्हता. मुलाने ते त्याच सकाळी कॉरिडॉरमध्ये सांगितलं होतं. न्यायमूर्तींनी ऑर्डर सांगायला सुरुवात केली. अनुकंपा नियुक्ती हा वारसाहक्क नाही. कर्ता माणूस अचानक गेल्यावर घर कोसळू नये म्हणून त्या वेळी दिलेला तो आधार असतो. पंधरा वर्षांनी ती निकड उरली असं म्हणता येत नाही आणि विलंबाचं स्पष्टीकरण दिलेलं नाही. याचिका फेटाळली. सगळं मिळून चार-पाच मिनिटं लागली असतील.

बाहेर आल्यावर मुलाने मला गाठलं. "मॅडम, आमचं म्हणणं खोटं आहे असं म्हणाले का ते?"

"नाही."

"नियमात बसत नाही म्हणाले का?"

"नाही. तिथपर्यंत गेलंच नाही."

"मग कुठपर्यंत गेलं?"

मला उत्तर देता आलं नाही. घर इतकी वर्षं कसंबसं तगलं, म्हणून आता त्याला मदतीची गरज नाही, हा तर्क मी त्याच्या तोंडावर कोणत्या शब्दांत सांगणार होते? १९९४ च्या उमेशकुमार नागपाल निकालापासून सुप्रीम कोर्ट तेच सांगत आलं आहे, हे मला नंतर वाचून कळलं. तेव्हा एवढंच माहीत होतं की ती याचिका मी टाइप केली होती. तिचा चौदावा परिच्छेद मी ऑफिसातल्या जुन्या याचिकेतून जसाच्या तसा उचलला होता: ही याचिका दाखल करण्यास कोणताही विलंब किंवा ढिलाई झालेली नाही. पंधरा वर्षांबद्दल आम्ही कोर्टाला सांगितलेलं ते एकमेव वाक्य, आणि ते दुसऱ्याच कुणासाठी लिहिलेलं होतं.

त्या रात्री मी मुदत कायद्याचं पुस्तक काढून बसले. कॉलेजात १९६३ च्या त्या कायद्याचं परिशिष्ट आम्ही पाठ केलं होतं. पैशाच्या वसुलीला तीन वर्षं, खासगी मालकाने ताबा मागायचा तर बारा, अमुक अपिलाला तीस दिवस, तमुक अपिलाला नव्वद. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालच्या रिटला त्या परिशिष्टात ओळच नाही. म्हणून परीक्षेत मी लिहिलं होतं की रिटला मुदत नसते, आणि त्याला पूर्ण गुण मिळाले होते. मुदत नाही म्हणजे कधीही जाता येतं, असा अर्थ मी माझ्या मनाने लावला होता.

दुसऱ्या दिवशी सरांना विचारलं. सर कमी बोलतात. म्हणाले, "मुदत लिहिलेली असते तेव्हा चुकलं तर किती दिवस चुकलं हे मोजता येतं. त्या दिवसांसाठी कलम ५ चा अर्ज करता येतो. रिटमध्ये मोजायला पट्टीच नाही. समोरचा न्यायाधीश बघतो, किती वेळ गेला आणि का गेला. म्हणून तिथे जास्त जपावं लागतं." मग कपाटाकडे बोट दाखवून म्हणाले, "त्रिलोकचंद मोतीचंद वाच."

तो १९६८ चा निकाल. मुंबईच्या विक्रीकराचं प्रकरण. सरकारने एका पेढीकडून रक्कम वसूल केली, पेढीने ती भरली आणि ती गप्प बसली. काही वर्षांनी दुसऱ्या कुणाच्या तरी प्रकरणात ती तरतूदच घटनाबाह्य ठरली, तेव्हा ही पेढी पैसे परत मागायला सुप्रीम कोर्टात आली. बेंचवर पाच न्यायमूर्ती होते आणि पाचांनी स्वतंत्र निकालपत्रं लिहिली. एकाने साधारण वर्षाची पट्टी सुचवली. एकाने म्हटलं की मूलभूत हक्काच्या दाव्याला उशिराचं कारण देऊन अडवताच येणार नाही. सरन्यायाधीश हिदायतुल्ला म्हणाले की ठाम पट्टी नको, प्रत्येक प्रकरण आपापल्या वस्तुस्थितीवर बघावं. तीन विरुद्ध दोन अशी पेढी हरली. मी ती सगळी पानं दोन रात्री वाचली. देशातल्या पाच मोठ्या न्यायाधीशांचंही यावर एकमत होत नाही, हे वाचून मला धीर आला की भीती वाटली, आता सांगता येणार नाही. दोन्ही असावं.

इंग्रजीत याला लॅचेस म्हणतात. शब्द जुन्या फ्रेंचमधून आलेला, अर्थ सैलपणा. कायदा जागत्या माणसाला मदत करतो, झोपलेल्याला नाही, असं एक लॅटिन वचन प्रत्येक निकालात भेटतं. ते मला सुरुवातीपासून टोचत राहिलं. आमच्या ऑफिसात येणारी माणसं झोपलेली दिसत नाहीत. त्यांच्या डोळ्यांवरून कळतं की त्यांची झोप कधीच उडालेली आहे.

तरीही नियमामागचं कारण मला हळूहळू पटू लागलं, आणि ते पटलं एका बढतीच्या प्रकरणात. आमचा पक्षकार म्हणत होता की नऊ वर्षांपूर्वी त्याला डावलून कनिष्ठाला वर घेतलं. त्याचं म्हणणं खरंही असेल. पण त्या नऊ वर्षांत तो कनिष्ठ आणखी दोन पायऱ्या चढला होता, त्याच्या मागचे त्याच्या जागी आले होते, काही निवृत्त झाले होते. एक वीट काढायची तर वरची सगळी भिंत उतरवावी लागली असती, आणि त्या भिंतीतल्या कुणाचाच दोष नव्हता. बढतीच्या तक्रारीला सहा महिने, फार तर वर्ष, असं सुप्रीम कोर्टाने १९७४ मध्ये म्हटलं, ते या माणसांकडे बघून. पेन्शनचं वेगळं. पेन्शन चुकीची बसली असेल तर चूक दर महिन्याला नव्याने होते, त्यामुळे उशीर झाला तरी दार बंद होत नाही, फक्त मागची थकबाकी साधारण तीन वर्षांपुरती मिळते. २००८ च्या तरसेम सिंग निकालात हे नीट मांडलं आहे. हे वाचलं तेव्हा पहिल्यांदा वाटलं की या गोंधळाला आतून एक वळण आहे. उशिराने कुणाचं काय बिघडलं, ते आधी बघायचं.

आणि मग आबा आले.

आबा आमच्याच भागातले. वय सत्तरीच्या पुढे, धोतर, टोपी, काखेत प्लॅस्टिकची पिशवी. सोबत नातू. त्यांची सव्वादोन एकर जमीन गावच्या पाझर तलावात गेली होती. १९९४ मध्ये रोजगार हमीचं काम निघालं. खाजगी वाटाघाटीने ताबा घेतला असं कागदावर लिहिलं, ताबापावतीवर आबांच्या वडिलांचा अंगठा घेतला. १९९७ मध्ये संयुक्त मोजणी झाली. त्यानंतर निवाडा नाही, मावेजा नाही, काहीच नाही. सातबाऱ्यावर आजही नाव यांचं आणि जमिनीवर पाणी.

सरांनी सिनॉप्सिस करायला माझ्याकडे दिलं. डावीकडे तारखा, उजवीकडे घटना. मी लिहायला बसले: १९९४ ताबापावती. १९९७ मोजणी. १९९९ वडिलांचा अर्ज. २००३ वडिलांचं निधन. २००७ अर्ज. २००९ अर्ज. २०१२ अर्ज, आणि त्याच वर्षी कार्यालयाचं पत्र, प्रस्ताव वरिष्ठ कार्यालयाकडे सादर केला आहे. २०१८ माहिती अधिकाराचा अर्ज, उत्तर आलं की संचिका आढळून येत नाही. २०२३ याचिका. एकोणतीस वर्षांचं आयुष्य नऊ-दहा ओळींत बसलं, आणि ओळींच्या मधला पांढरा कागद माझ्याकडे बघत राहिला. मुलाचा प्रश्न आठवला. कुठपर्यंत गेलं?

"आबा, २०१२ ते २०१८ मध्ये काय केलंत?"

"काय करावं बाई, वाट पाह्यली. पत्र आलं होतं ना त्यांचं. वर पाठवलंय म्हनून."

"सहा वर्षं?"

"कागद दिलेला होता की. पोच हाय माझ्याकडं."

त्यांनी पिशवीतून पोचा काढल्या. आवक क्रमांक, शिक्का, कुणाची तरी अर्धी सही. प्रत्येक पोच वेगळ्या प्लॅस्टिकमध्ये, वर रबर. ते पोचांकडे असं बघत होते की जणू प्रत्येक शिक्क्यागणिक सरकारने त्यांना शब्द दिला आहे. मला गावाकडचं घर आठवलं. आमच्याकडेही कुणी काही विचारलं की बाबा सांगायचे, अर्ज दिलाय. अर्ज दिलाय म्हणजे गोष्ट जिवंत आहे, घड्याळ थांबलेलं आहे, आता पाळी समोरच्याची.

कायदा असं मानत नाही. या सगळ्या महिन्यांत मला पचायला सर्वांत जड गेलं ते हे. २००८ च्या सी. जेकब निकालात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की जुन्या, मेलेल्या मागणीवर नवा अर्ज दिला, त्यावर उत्तर आलं, अगदी कोर्टानेच अर्जावर निर्णय घ्या असा आदेश दिला, तरी मागणी पुन्हा जिवंत होत नाही. अर्ज कितीही केले तरी वेळ पुढेच जात राहते. कोर्टाची अडचण समजते. नाहीतर तीस वर्षांपूर्वीच्या बडतर्फीवर आज एक अर्ज टाकून कुणीही कालपासून मोजायला सांगेल. पण आबांसारख्या माणसाला लहानपणापासून शिकवलेलं असतं की सरकारशी भांडू नये, आधी नम्रपणे विनंती करावी, उत्तराची वाट बघावी. तो सभ्यपणे वागला, आणि त्या सभ्यपणाची वर्षं त्याच्याच खात्यावर लिहिली गेली. ही गोष्ट गावोगावच्या तलाठी कार्यालयाबाहेर, आवक-जावकच्या खिडकीशेजारी, मोठ्या अक्षरांत लावायला हवी असं मला मनापासून वाटतं: पोच जपून ठेवा, पण तिच्या भरवशावर बसू नका.

वेळ आणखी एक गोष्ट करते, ती मला सरकारी नोंदींच्या नियमांत सापडली. आपल्या राज्यात कार्यालयातल्या कागदांचं अ, ब, क, ड असं वर्गीकरण असतं. अ कायमचे, ब तीस वर्षं, क दहा वर्षं, ड वर्षभर. म्हणजे ज्या कागदांनी आबांचं म्हणणं सिद्ध व्हायचं, त्यातले कितीतरी नियमानुसारच, कुणाचीही लबाडी नसताना, नष्ट होऊ शकतात. २०१८ चं 'आढळून येत नाही' हे उत्तर त्यामुळे मला नुसतं टाळाटाळीचं वाटेना. सरकारी वकीलही उद्या उभे राहून म्हणतील की इतक्या जुन्या व्यवहाराबद्दल आम्ही काय सांगणार, आमच्याकडे कागदच नाही. आणि ते खोटं नसेल.

सर म्हणाले, "गाळलेल्या जागा भर. प्रत्येक वर्षाला एक कागद. कागद नसेल तर प्रतिज्ञापत्रावर स्पष्ट वाक्य. 'गरीब आणि अशिक्षित' असं लिहून सुटू नकोस, ते सगळेच लिहितात."

मी आबांना तीन वेळा बोलावलं. दर वेळी ते सकाळच्या एसटीने यायचे, जालना रोडवर उतरून चालत ऑफिसात. वर्षाचा आकडा विचारला की त्यांना काही आठवायचं नाही. मग मी आकडे सोडले. थोरली कधी उजवली, बैल कधी विकले, दुष्काळात छावणीत कधी होतात, असं विचारू लागले. आणि मग वर्षं आपोआप पुढे आली. वडील गेल्यावर वारसाचा फेरफार व्हायला दोन वर्षं गेली, त्याचा उतारा मिळाला. बायकोच्या दोन्ही किडन्या गेल्या, २०१३ पासून आठवड्यातून दोनदा तालुक्याला डायलिसिस, ती गेली २०१६ मध्ये. तो सगळा कागद घरात पत्र्याच्या पेटीत होता. आबांनी तो इतके दिवस आणलाच नव्हता.

"आबा, हे आधी का नाही सांगितलं?"

"त्याचा जमिनीशी काय संबंध, बाई?"

या वाक्यापाशी मी बराच वेळ थांबले. पक्षकार आपल्याला जमिनीचं सांगतो, कारण त्याला वाटतं खटला जमिनीचा आहे. आपलं स्वतःचं जगणं तो दाराबाहेर ठेवून येतो. कोर्ट मात्र पहिल्यांदा तेच मागतं. स्पष्टीकरण नसलेला विलंब म्हणतात त्यातला किती विलंब खरोखर स्पष्टीकरणावाचूनचा असतो आणि किती केवळ विचारला न गेलेला, याचा मला आता संशय येतो. त्या अनुकंपाच्या मुलाची आई कशाने आजारी होती, हे मी आजही सांगू शकत नाही. मी विचारलं नव्हतं.

२०२० ते २०२२ ही वर्षं सोपी गेली. करोनामुळे सुप्रीम कोर्टाने १५ मार्च २०२० पासून २८ फेब्रुवारी २०२२ पर्यंतचा काळ मुदतीच्या हिशेबातून वगळला होता. तो रिटला जसाच्या तसा लागू होतो की नाही यावर वाद घालता येईल, पण कोर्टाला सांगायला एक सरळ कारण होतं. २०१६ ते १८ ची कहाणी नातवाने सांगितली. कार्यालयांची फेररचना झाली, फाइल कुठे गेली ते शोधायला तो स्वतः तीन गावं फिरला होता, त्याच्याकडे तिकिटं नव्हती पण तारखा वहीत होत्या.

आता कायद्याची बाजू. तीत आबांसाठी आशेला जागा आहे, हे मला वाचनात दिसू लागलं. १९७३ मध्ये घटनापीठासमोर रामचंद्र शंकर देवधर यांचं प्रकरण होतं, पूर्वीच्या हैदराबाद राज्यातून या राज्यात आलेल्या महसुली कर्मचाऱ्यांचं, म्हणजे आमच्याच मुलखातलं. दहा-बारा वर्षांचा उशीर होता. कोर्टाने म्हटलं की उशिरावरून याचिका नाकारणं हा कायद्याचा नियम नाही, वहिवाट आहे, आणि ती डोळसपणे वापरायची असते. मग २०१२ चा तुकाराम काना जोशी निकाल. ठाणे तालुक्यातली शेतजमीन, १९६४ ची अधिसूचना, औद्योगिक विकास महामंडळासाठी ताबा घेतलेला आणि रीतसर संपादन कधी पूर्ण केलेलंच नाही. हायकोर्टाने उशिरावर याचिका फेटाळली होती. सुप्रीम कोर्टाने तो निकाल फिरवला आणि सांगितलं की निरक्षर शेतकऱ्यांची जमीन कायद्याच्या आधाराशिवाय बळकावून बसलेलं राज्य त्यांनाच उशिराचा हिशेब विचारू शकत नाही, अन्याय तर रोज चालूच आहे. २०२० मध्ये विद्या देवी प्रकरण आलं. हिमाचल प्रदेशातली निरक्षर विधवा, १९६७-६८ मध्ये रस्त्यात गेलेली जमीन, २०१० मध्ये केलेली याचिका. इतकी वर्षं ताबा आहे म्हणून जमीन आमचीच झाली, असंही सरकार म्हणून बसलं होतं. कोर्टाने ते झिडकारलं आणि मोबदला द्यायला लावला.

हे निकाल वाचताना माझं एक मत बनलं आणि ते मी लपवत नाही. बढतीला सहा महिन्यांची पट्टी लावा, माझी तक्रार नाही. पण ज्याच्या जमिनीवर सरकार निवाड्याशिवाय बसलं आहे, त्याच्या बाबतीत उशीर हा शब्द आधी सरकारला लागू व्हायला हवा. मोजणी करून पुढची पायरी न चढलेलं कार्यालय तिथे थांबलं होतं. आबा तर निदान अर्ज देत होते.

याचिका पहिल्यांदा लागली. न्यायमूर्तींनी पानं चाळली, आणि मला अपेक्षित होता तो प्रश्न आला. २०१२ नंतर काय? सरांनी मागे हात केला, मी पान ६२ उघडून दिलं. डायलिसिसची नोंदवही, मृत्यूचा दाखला, नातवाच्या वहीची प्रत. न्यायमूर्तींनी ती तीन पानं सावकाश वाचली. मग नोटीस काढली. फेटाळली नाही, एवढंच त्या दिवशी झालं. मी आबांना बाहेर सांगितलं तेव्हा माझा आवाज कापत होता आणि ते मलाच धीर देत होते.

सरकारच्या उत्तराला चार आठवडे मिळाले. मग आणखी चार. मग आणखी सहा, आणि असंच पुढे. दर वेळी सरकारी वकील उभे राहून सूचना यायच्या आहेत म्हणायचे आणि पुढची तारीख पडायची. ते स्वतः भले माणूस आहेत, कार्यालयाला पत्रावर पत्र लिहीत होते, मी त्यांच्या टेबलावर ती पाहिली. सरकारचाही उशीर माफ होत नाही असं सुप्रीम कोर्टाने पूर्वीच ठणकावलं आहे. २०१२ मध्ये टपाल खात्याचं ४२७ दिवस उशिरा आलेलं अपील, फाइल टेबलावरून टेबलावर फिरत होती हे कारण न ऐकता, फेटाळलं गेलं. पण उत्तरासाठीच्या रोजच्या तारखा इतक्या लहान लहान असतात की त्यांची बेरीज कुणी मांडत नाही. आबांनी मात्र मांडली होती. आठ महिने, ते म्हणाले, आणि पुढे काही बोलले नाहीत.

अखेर उत्तर आलं. ताबा नाकारलेला नव्हता. तिसऱ्याच परिच्छेदात विलंब होता, आणि त्यात एक गोष्ट होती जी आम्हाला ठाऊक नव्हती. याच तलावात जमीन गेलेल्या शेजारच्या गटाचा मालक २००१ मध्ये कोर्टात गेला होता आणि त्याला २००४ मध्ये मोबदला मिळाला होता. याचिकाकर्त्याला हे माहीत असूनही तो गप्प राहिला, म्हणून त्याला आता दाद मागता येणार नाही. दुसऱ्याचं काय होतं ते काठावरून बघत बसणाऱ्याला नंतर हात पसरता येत नाही, हा युक्तिवाद मी निकालांत वाचला होता. आमच्या सगळ्या कागदांना त्याने मधोमध छेद दिला.

मी आबांना विचारलं. ते खाली बघत राहिले. नातवाला चहा आणायला पाठवलं. मग म्हणाले, "तवा आमचं भावा-भावाचं पटत नव्हतं."

२००१ मध्ये शेजाऱ्याने यांनाही सोबत घ्यायचं म्हटलं होतं. तालुक्याच्या वकिलांनी सांगितलं, सगळ्या हिस्सेदारांच्या सह्या आणा. धाकट्या भावाने सही दिली नाही. वाटणीचा राग होता, बोलणं बंद होतं, वडील हयात असून मधे पडले नाहीत. आणि आणखी एक, म्हणाले, तलाव भरला त्या वर्षी आमच्या वरच्या शेतातल्या विहिरीला पाणी आलं. पहिल्यांदा उन्हाळ्यात आलं. गाव पाणी पीत होतं. "मंग भांडायचं कोनाशी, बाई?"

विहिरीचं काय करायचं ते मला कळेना. ते विरुद्ध जाईल की बाजूने, कोणत्या निकालात बसेल, काही सांगता येत नव्हतं. सर म्हणाले, खरं आहे ना, मग लिही. भावाच्या सहीबद्दल मात्र नुसतं आबांचं म्हणणं पुरणार नाही. भाऊ या याचिकेत कागदोपत्री प्रतिवादी होता, कारण सातबाऱ्यावर त्याचं नाव आहे. त्याला नोटीस गेली होती, तो आला नव्हता.

पुढच्या सोमवारी नातू दोघांनाही घेऊन आला. धाकटे काका आबांसारखेच दिसतात, फक्त टोपी नाही. मी काकांचं प्रतिज्ञापत्र मराठीतून वाचून दाखवलं. सन २००१ मध्ये थोरल्या भावाने कोर्टात जाण्यासाठी माझी सही मागितली होती. आमच्यात वाद असल्यामुळे मी ती दिली नाही. ते वाक्य आलं तेव्हा मी थांबले. काकांनी हात वर करून खूण केली, पुढं वाचा. शेवटी मी पेन पुढे केलं. त्यांनी चष्मा लावला, नाव लिहिलं, खाली रेघ ओढली. आबा खिडकीतून बाहेर बघत होते.

तारीख अजून लागायची आहे.